मुद्रितशोधकाची नजर आणि एक अनुस्वार

“अरे, वाचू नकोस, बघ.” १९७३ ते १९७५ या काळात पुण्यातील एका छापखान्यात मी मुद्रितशोधकाचे काम करीत असे, तेव्हा तेथील ज्येष्ठ मुद्रितशोधक मला दिवसातून दोनचार वेळा तरी हे ऐकवीत. सारे त्यांना अण्णा म्हणत. माझा एम.ए.चा अभ्यास चालू होता आणि वाचता येणे हीच माझी त्या कामासाठीची पात्रता, असा माझा समज होता. त्यामुळे या आज्ञेचा मला मनातून राग येई. अण्णांचे शिक्षण व्हर्न्याक्युलर फायनलपर्यंतचे. ते प्रूफ कधी उलटे धरीत, कधी शेवटच्या ओळीपासून वर चढत येत, कधी ओळीखाली पट्टी ठेवून एकेक अक्षर बोटाने टिपत. जोडीला मूळ प्रत मोठ्याने वाचणारा मुलगा असे. तोही वाक्य वाचत नसे. “पहिली वेलांटी, दुसरा उकार, अनुस्वार, स्वल्पविराम” अशी त्याची एकसुरी गाथा दिवसभर चाले. त्या आवाजात कोणताही मजकूर सारखाच निरर्थक होई, मग तो गणिताचे क्रमिक पुस्तक असो वा कादंबरी. अण्णांच्या लेखी तीच त्या पद्धतीची थोरवी होती.

अण्णांना जे अनुभवाने ठाऊक होते ते प्रयोगशाळेत सिद्ध झालेले आहे, हे मला पुष्कळ पुढे कळले. जेम्स मकीन कॅटेल या अमेरिकन विद्यार्थ्याने लाइपझिग येथे वुण्टच्या प्रयोगशाळेत काम करून १८८६ साली असे दाखवले, की क्षणमात्र दिसलेली सुटी अक्षरे माणूस तीनचारच सांगू शकतो. परंतु तीच अक्षरे शब्दात असतील तर तेवढ्याच अवधीत तो संपूर्ण शब्द सांगतो. म्हणजे शब्द हा अक्षरांच्या बेरजेनंतर हाती येतो, ही आपली शाळकरी कल्पना फारशी खरी नाही. १९६९ साली रायकर या मानसशास्त्रज्ञाने हाच प्रश्न अधिक काटेकोरपणे मांडला आणि एकटे अक्षर ओळखण्यापेक्षा शब्दातले अक्षर ओळखणे अधिक अचूक होते, असा निष्कर्ष काढला. मॅक्लेलंड आणि रुमेलहार्ट यांनी १९८१ साली त्यावरून वाचनाचा जो नमुना रचला त्यात तीन थर आहेत: तळाशी रेघा व वळणे, त्यावर अक्षरे, त्यावर शब्द. मात्र वाहतूक दोन्ही दिशांनी चालते. तळाचा पुरावा वर जातो आणि वरच्या थराचा अंदाज खाली उतरून आपल्याला अनुकूल अशा अक्षरांना बळ देतो, प्रतिकूल अक्षरांना दाबतो. ‘पुस्तक’ या शब्दाची खात्री पटली, की त्यातला तुटका ‘स्त’ डोळ्यांना धडधाकट दिसू लागतो.

या थरांसाठी मराठीत ‘श्रेणी’ हा शब्द रूढ आहे. मला मात्र ‘उतरंड’ अधिक जवळचा वाटतो. उतरंडीतले तळाचे मडके काढले, तर वरची सारी कोसळतात. मनाच्या उतरंडीचा चमत्कार असा, की तळाचे मडके काढून घेतले तरी वरची जागच्या जागी राहतात. इतकेच नव्हे, तर ती खाली एक खोटे मडके निर्माण करतात आणि आपण ते हाताने चाचपून पाहिल्याची शपथही घेऊ शकतो. मुद्रितशोधकाचे सारे कौशल्य या शपथेवर विश्वास न ठेवण्यात आहे.

ही उतरंड जन्मजात किती आणि सवयीची किती, हा वेगळा प्रश्न. ह्यूबेल आणि वीझेल यांनी १९५९पासून मांजराच्या दृष्टिबाह्यकावर जे प्रयोग केले, त्यांतून साध्या पेशी विशिष्ट कोनातल्या रेषेला प्रतिसाद देतात आणि अशा पेशींच्या पुराव्यावर अधिक जटिल पेशी काम करतात, अशी श्रेणीबद्ध रचना पुढे आली. त्यासाठी त्यांना १९८१ साली नोबेल पारितोषिक मिळाले. तेथे उतरंड शरीरातच आहे. परंतु वाचनाची उतरंड कमवावी लागते. याचा सर्वांत जुना आणि मला सर्वांत आवडणारा अभ्यास तारयंत्रांचा आहे. ब्रायन आणि हार्टर यांनी १८९७ व १८९९ साली तारमास्तरांच्या शिक्षणाची निरीक्षणे प्रसिद्ध केली. उमेदवार आरंभी कट्ट-कड या आवाजांतून अक्षरे ऐकतो, पुढे शब्द ऐकतो आणि मुरलेला तारमास्तर वाक्यप्रचारांचे गठ्ठे ऐकतो. मध्यंतरी कित्येक आठवडे त्याची प्रगती खुंटल्यासारखी दिसते आणि मग एकाएकी तो वरच्या पायरीवर गेलेला आढळतो. त्यांनी या प्रक्रियेला ‘सवयींची श्रेणी’ असे नाव दिले. पुढे १९५६ साली जॉर्ज मिलरने अल्पकालीन स्मृतीच्या मर्यादेचा हिशेब मांडला (सात, दोन कमी वा दोन अधिक), त्यातही मोजमापाचा एकक ‘गठ्ठा’ हाच आहे आणि उदाहरण म्हणून त्याने तारयंत्राचेच शिक्षण घेतले आहे. या सर्व विवेचनात वरच्या पायरीवर जाणे म्हणजे प्रगती. खाली कसे उतरावे, हे अण्णांखेरीज मला कोणी शिकवले नाही.

आता मुख्य हकिगतीकडे येतो.

१९७४ साली आमच्या छापखान्यात कवितांचा एक छोटा संग्रह छापला गेला. कवयित्री रत्नागिरीकडच्या, वयाने साठीच्या आसपास, संग्रह पहिलाच. कविता म्हणजे सोपे काम, ओळी आखूड आणि पाने मोकळी, असा व्यवस्थापकांचा हिशेब असल्यामुळे प्रत वाचणारा मुलगा न देता तो संग्रह मला एकट्याला तपासायला दिला गेला. मीही आनंदाने घेतला. अखेर साहित्याचा विद्यार्थी होतो. संग्रहातील एका कवितेत माजघरातली एक बाई आहे. फणी आहे, विंचरताना निघालेल्या केसांचे गुंतवळ आहे आणि शेवटी भिंतीतल्या ‘सांदी’चा उल्लेख आहे. जुन्या घरांतून बायका असे गुंतवळ दोन दगडांमधल्या फटीत कोंबून ठेवीत. बरेच साठले म्हणजे ते घेणाऱ्या बाईला देऊन त्या बदल्यात सुया-पोत घेत. कवितेत यातले काही सांगितलेले नाही. ज्याने ती भिंत पाहिली आहे त्याला सांगण्याची गरजही नाही. सारी कविता त्या एका शब्दात येऊन मिटते.

छापील पुस्तकात पान ३७ वर ‘सांद’च्या जागी ‘साद’ आले. भिंतीतली साद!

आणि ही साद ऐकली गेली. एका परीक्षणात त्या ओळीचा खास गौरव झाला. मूक भिंतीतून उमटणारी हाक, स्त्रीच्या कोंडलेल्या अस्तित्वाचा आदिम उद्गार, असे काही त्यात म्हटले होते; फणी व केस यांचा मात्र परीक्षणकर्त्याला उलगडा झाला नव्हता, त्या प्रतिमा त्यांना ‘काहीशा आगंतुक’ वाटल्या. मला त्या परीक्षणकर्त्याला हसण्याचा अधिकार नाही. ‘साद’ हा शब्द एकदा वरच्या थरावर स्थिर झाला, की खालच्या साऱ्या तपशिलांना त्याच्या मर्जीने वागावे लागते. जे वागत नाहीत ते आगंतुक ठरतात. वाचकाने केले ते मॅक्लेलंड-रुमेलहार्टच्या नमुन्यात बसणारेच आहे, एक थर वर सरकवला इतकेच.

रोमान इनगार्डेन याने १९३१ साली साहित्यकृती ही स्तरबद्ध असते, असे मांडले: ध्वनींचा स्तर, अर्थघटकांचा स्तर, चित्रित वस्तूंचा स्तर आणि त्या वस्तूंच्या आकृतिबद्ध दर्शनांचा स्तर. वेलेक आणि वॉरन यांच्या १९४९च्या ग्रंथामुळे ही कल्पना आपल्याकडील अभ्यासकांच्या परिचयाची झाली. ते वर्गात शिकवताना मला नेहमी पान ३७ आठवे. इनगार्डेनचे स्तर कृतीचे आहेत, मनाचे नाहीत, हे त्याने आग्रहाने सांगितले आहे आणि तात्त्विकदृष्ट्या ते रास्तही आहे. परंतु एक अनुस्वार गळाल्यावर चारही स्तर नव्याने जुळून आले आणि कृती मोडली नाही, ही गोष्ट कृतीच्या रचनेतून समजत नाही. कुठेही तडा न दिसता ती दुसरी कविता झाली. तो तडा बुजवणारे काहीतरी वाचकापाशी होते. विक्टर श्क्लोव्स्कीने १९१७ साली म्हटले, की सवयीमुळे वस्तू दिसेनाशा होतात आणि कलेचे काम त्या पुन्हा दिसायला लावणे, पाहणे कठीण करणे, हे आहे. त्या अर्थाने अण्णा हे कवीचे गरीब नातेवाईक म्हटले पाहिजेत. दोघेही वाचकाला वरच्या पायरीवरून खाली ओढतात. कवी त्यासाठी आडवाटेचा शब्द योजतो; अण्णा पान उलटे धरीत. आणि माझ्यासारखा साहित्याचा विद्यार्थी मध्ये येऊन तो आडवाटेचा शब्द हमरस्त्यावर आणून सोडतो.

वेदपठणाच्या परंपरेने हा धोका फार पूर्वी ओळखला होता. संहितापाठ, पदपाठ आणि क्रमपाठ यांच्यापुढे जटा, माला, शिखा, रेखा, ध्वज, दंड, रथ आणि घन अशा आठ विकृती सांगितल्या जातात. घनपाठात पदे १-२, २-१, १-२-३, ३-२-१, १-२-३ अशा क्रमाने म्हणतात आणि मग एक पद पुढे सरकतात. पदे उलटी म्हटली, की वाक्यार्थ मोडतो. वरच्या थराला खालच्या थरात ढवळाढवळ करण्यासाठी जागाच राहत नाही. पुन्हा, प्रत्येक पद शेजारच्या पदांशी दोन्ही बाजूंनी बांधलेले असल्यामुळे एखादे गळाले तर लगेच खटकते. या पठणाला ‘अर्थशून्य घोकंपट्टी’ म्हणून नावे ठेवण्याची आपल्याकडे रीत आहे. अर्थाकडे पाठ फिरवण्याची ही शिस्त किती कठोर आहे, हे ज्याने एकदा प्रूफ तपासले आहे त्याला पटकन समजेल.

याच परंपरेत वाढलेल्या भर्तृहरीने मात्र उलट टोकाला जाऊन वाक्य अखंड आहे, असा पक्ष घेतला. वर्ण आणि पदे हे व्याकरणाच्या सोयीसाठी केलेले पृथक्करण, त्याच्या शब्दात ‘अपोद्धार’. वाक्यपदीयाच्या पहिल्या कांडात त्याने जे निरूपण केले आहे ते मी माझ्या शब्दांत मांडतो. ध्वनी क्रमाने येतात, प्रत्येक आपला संस्कार मागे ठेवतो आणि अखेरच्या ध्वनीसरशी शब्दाचे रूप बुद्धीत प्रकट होते. श्लोक पुन्हा पुन्हा म्हणता म्हणता केव्हातरी पाठ होतो, पण कोणत्या आवृत्तीत तो पाठ झाला हे सांगता येत नाही, तसेच हे. मधल्या पायऱ्यांवर जे जाणवते ते चुकीचे असू शकते. दुरून वा अंधारात आधी वस्तू भलतीच भासते आणि त्या चुकीच्या दर्शनांतूनच शेवटी योग्य ज्ञान होते. हा विचार मला अजूनही विलक्षण वाटतो. भ्रम ही येथे ज्ञानाची पायरी आहे. फक्त माझ्या अनुभवाने त्यात एक भर घालावीशी वाटते: काही वेळा आधीचे दर्शन अचूक असते आणि शेवटी जे स्थिरावते तोच भ्रम असतो.

हे भर घालण्याचे धाडस मी २०१९पूर्वी केले नसते. तोवर माझी समजूत अशी होती, की तो अनुस्वार माझ्या नजरेतून निसटला. खिळे जुळवताना राहिला असेल, किंवा शिरोरेषेवरचा तो नाजूक ठिपका छपाईत तुटला असेल आणि मी, कवितेत रंगून गेल्यामुळे, तो पाहिला नसेल. हीच गोष्ट मी वर्गात कित्येक वर्षे सांगितली. तिचा उत्तरार्धही ठरलेला होता. पुस्तक निघाल्यावर एका पावसाळी दुपारी कवयित्री छापखान्यात आल्या, ओलसर हाताने त्यांनी पान ३७ उघडले, त्या शब्दावर बोट ठेवले, मी खजील होऊन उभा राहिलो आणि त्या म्हणाल्या, “असू दे. सादही वाईट नाही.” विद्यार्थ्यांना ही गोष्ट फार आवडे. एकाने तर आपल्या एम.फिल.च्या प्रबंधिकेत तळटीप दिली: ‘साद’ हा पाठ मुद्रणदोषातून आला असला, तरी कवयित्रीने तो पुढे मान्य केला, आधार, माझे तोंडी निवेदन. मी ती प्रबंधिका तपासली होती आणि त्या तळटिपेपाशी मला बरे वाटले होते.

२०१९ साली आमचा वाडा पाडायचा ठरला, तेव्हा माळ्यावरची बोचकी खाली आली. त्यांपैकी एकात छापखान्यातून आणलेली काही गॅलीप्रुफे होती. पाठकोरा कागद म्हणून आम्ही ती घरी नेत असू, माझ्या एम.ए.च्या टिपणांचा निम्मा भाग अशा कागदांवर आहे. त्यांतच त्या संग्रहाची एक गॅली होती. ‘सांद’वर अनुस्वार होता. स्वच्छ, ठसठशीत, न तुटलेला. त्यावर माझ्या निळ्या शाईची उभी रेघ होती आणि समासात, माझ्याच हाताने काढलेली, वगळण्याची खूण होती.

म्हणजे तो निसटला नव्हता. मी तो पाहिला होता आणि काढला होता.

का, हे त्या गॅलीवरूनच समजते. १९६२ साली मराठी साहित्य महामंडळाच्या शुद्धलेखनविषयक नियमांना शासनमान्यता मिळाली आणि उच्चारात न येणारे परंपरागत अनुस्वार लेखनातून गेले; १९७२ साली त्या नियमांत आणखी भर पडली. परंतु जुन्या पिढीतले लेखक ‘घरांत’, ‘तूं’, ‘कांहीं’, ‘नांव’ असेच लिहीत. जुळारी प्रतीबरहुकूम जुळवीत आणि ते अनुस्वार काढणे हे मुद्रितशोधकाचे काम असे. त्या एका गॅलीत मी ४१ अनुस्वार काढले आहेत. मी ते मोजले. त्यांतले ४० बरोबर आहेत. ‘सांद’मधला अनुस्वार स्पष्ट उच्चारला जातो, तेव्हा नियमाला दोष देता येत नाही. हाताला लय लागली होती. ‘सांद’ हा शब्द मला, घाटावरच्या शहरी मुलाला, सवयीचा नव्हता, आणि ‘साद’ हा तर त्या काळच्या कवितेतला लाडका शब्द होता. वरून नियम, त्याखाली काव्यसंकेत. दोघांनी मिळून खालच्या थराचा निकाल लावला. उतरंड या शब्दाचा दुसरा, सामाजिक अर्थ येथे मनात आल्यावाचून राहत नाही. प्रमाणभाषेचा एक पगारी पहारेकरी रत्नागिरीकडच्या एका बाईच्या भिंतीतली फट बुजवीत होता आणि आपण शुद्ध करीत आहोत असे त्याला वाटत होते.

पाठचिकित्सेत या प्रकाराला नाव आहे. अनेक पाठांपैकी कठीण पाठ मूळचा मानावा, कारण लेखनिक अवघडाचे सोपे करतो, सोप्याचे अवघड सहसा करीत नाही. सुकथनकरांनी महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीतील आदिपर्वाची जी प्रस्तावना १९३३ साली पूर्ण केली, तिच्या अभ्यासकांना हे तत्त्व नवे नाही. एकनाथांनी शके १५०६मध्ये ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली तेव्हा त्यांच्यापुढे असेच सोपे झालेले पाठ असणार. परंतु या बाबतीत मला सर्वांत जवळचा वाटतो तो सेबास्तियानो तिंपानारो हा इटालियन भाषाशास्त्रज्ञ. १९७४ साली त्याने फ्रॉइडच्या दैनंदिन चुकांच्या मीमांसेवर एक तिखट पुस्तक लिहिले. फ्रॉइडच्या १९०१च्या ग्रंथात एका तरुणाची हकिगत आहे. व्हर्जिलची ओळ म्हणताना तो एक शब्द विसरतो आणि त्या एका विस्मृतीवरून फ्रॉइड त्याच्या खाजगी चिंतेपर्यंत पोहोचतो. तिंपानारोचे म्हणणे असे, की ती वाक्यरचनाच असामान्य आहे आणि गळालेला शब्द अर्थाला अनावश्यक आहे. कोणताही लेखनिक तेथे तसाच घसरला असता, त्यासाठी दडपलेल्या इच्छेची गरज नाही. हा तिंपानारो पोटासाठी फ्लोरेन्समधील एका प्रकाशनसंस्थेत मुद्रितशोधन करीत असे. हे कळल्यावर मला त्याच्या युक्तिवादाचे बळ कोठून आले ते समजले. अण्णांनीही फ्रॉइडला हेच सांगितले असते.

तरीही तिंपानारोवर माझे पूर्ण समाधान होत नाही, आणि त्याचे कारण त्याच बोचक्यात होते.

गॅलीच्या घडीत एक पोस्टकार्ड होते. कवयित्रींचे, व्यवस्थापकांच्या नावे. टपालात भिजून शाई पसरलेली, पण वाचता येते: “स.न.वि.वि. पान ३७ वर ‘सांद’ ह्या शब्दावरील अनुस्वार राहिला आहे. पुढील वेळीं पहावें. पुस्तकें पोंचलीं. कळावें.” एवढेच. जुन्या वळणाचे सारे अनुस्वार जागच्या जागी. “असू दे” नाही, “सादही वाईट नाही” तर नाहीच. ज्या बाई पुस्तके पोचल्याचे रत्नागिरीहून कळवतात, त्या एका शब्दासाठी पुण्याला आल्या असतील हे संभवत नाही. त्या छापखान्यात आल्या नव्हत्या. मी त्यांना कधी पाहिलेच नव्हते.

बार्टलेटने १९३२च्या आपल्या ग्रंथात केंब्रिजच्या वाचकांना उत्तर अमेरिकेतील आदिवासींची एक कथा वाचायला दिली आणि काही काळाने आठवायला सांगितली. आठवणीत होड्यांचे प्रकार बदलले, सीलची शिकार मासेमारी झाली, अनाकलनीय होते ते सुसंगत झाले. स्मृती तपशील साठवीत नाही. एक आकृतिबंध साठवते आणि गरज पडेल तेव्हा त्यावरून तपशील पुन्हा रचते. प्रत्यक्षाबाबत आजचे मज्जाशास्त्र असेच बोलते. राजेश राव आणि डॅना बॅलर्ड यांनी १९९९ साली मांडलेल्या नमुन्यात वरचा थर खालच्या थराला सतत भाकिते पाठवतो आणि खालून वर येते ती फक्त भाकितातली चूक. हे वाचताना मला हसू आले होते: मेंदू म्हणजे छापखाना आणि खालचे सारे थर मुद्रितशोधक! पण मग स्मृतीच्या बाबतीत फरक हा, की तेथे खालून चूक कळवणारे कोणी उरलेले नसते. गेलेल्या दुपारीचे प्रूफ मूळ प्रतीशी ताडून पाहता येत नाही. माझ्या बाबतीत पन्नासेक वर्षांनी ती प्रत माळ्यावरून खाली आली, हा योगायोग.

आता तुकडे जुळवता येतात. ‘राहिला आहे’ हे कवयित्रींचे सौजन्याचे शब्द. त्यांवरून अनुस्वार निसटल्याची माझी कथा उभी राहिली. माझ्या हाताने काढलेली रेघ त्या कथेत बसत नव्हती, ती गळाली. भिजलेल्या कार्डाचा पाऊस झाला, पसरलेल्या शाईचा ओलसर हात झाला. “असू दे” हे वाक्य बहुधा अण्णांचे असावे. असे कार्ड आले, की पुढच्या आवृत्तीचे बघू अशा अर्थाने ते काहीतरी म्हणत. सूर बायकी झाला, व्यक्ती बदलली, क्षमा तेवढी टिकली. कोणाकडून काय ऐकले याची नोंद ही ऐकलेल्या मजकुराहून वेगळी आणि अधिक ठिसूळ असते, हे मार्शा जॉन्सन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९३ साली सविस्तर दाखवले आहे. तेवढे म्हटले, की तिंपानारोचा पक्ष जिंकतो: सारे काही सोपे होण्याकडे ओढले गेले. परंतु या सोपेपणाचा लाभ नेमका मलाच कसा झाला? ४१ अनुस्वार काढणारा हात विसरला गेला आणि मला माफ करणारी एक बाई निर्माण झाली, हे केवळ लेखनिकाचे घसरणे नव्हे. अनुस्वारापुरता मी तिंपानारोच्या बाजूचा आहे. आठवणीच्या बाबतीत फ्रॉइडला दारात उभे करून परत पाठवणे मला जमत नाही.

संग्रहाची दुसरी आवृत्ती निघाली नाही. कवयित्री केव्हाच गेल्या. कविता मात्र एका प्रातिनिधिक संकलनात गेली, ‘साद’सह, आणि काही वर्षे अभ्यासक्रमातही होती. उत्तरपत्रिकांतून ‘भिंतीतली साद’ मी किती वेळा तपासली असेल, त्याचा हिशेब नाही.

तळटीप देणारा माझा विद्यार्थी आता दुसऱ्या शहरात शिकवतो आणि त्या कवयित्रींच्या कवितांचे संपादन करीत आहे. मी त्याला पत्राने सारे कळवले. त्याचा फोन आला. पाठ ‘सांद’ घ्यायचा, याविषयी त्याला शंका नव्हती. तळटीप रद्द करायची, की नवी लिहायची, एवढे त्याला विचारायचे होते, आणि नवी लिहायची तर “वगळले कोणी, ते द्यायचं का, सर?” मी म्हणालो, द्यायचे. मग थोडा वेळ थांबून त्याने विचारले, “पण सर, मग ‘असू दे’ कोण म्हणालं होतं?”

अण्णांना विचारण्याची सोय आता राहिलेली नाही. गॅली आणि कार्ड मी टपालाने पाठवले नाही; पुढच्या आठवड्यात स्वतः नेऊन दिले.